सेशनने जामीन फेटाळला, आता हायकोर्टात नेमकं काय बघतात?

ताईंनी विचारलेलं थोडक्यात असं आहे. बांध कोरण्यावरून भावकीत मारामारी झाली. त्यांच्या धाकट्या भावासह पाच जणांवर गुन्हा दाखल झाला. भारतीय न्याय संहितेचं कलम १०९ म्हणजे खुनाचा प्रयत्न, कलम ११८(२) म्हणजे घातक हत्याराने गंभीर दुखापत, शिवाय बेकायदा जमाव आणि दंगलीची कलमं. जखमीच्या डोक्याला आठ टाके पडले, उजव्या हाताचं हाड मोडलं. दोघांना सेशन कोर्टातून जामीन मिळाला, भावाचा अर्ज फेटाळला गेला. अटक होऊन ४८ दिवस झाले, चार्जशीट अजून आलेलं नाही. आपल्या बाजूचेही दोघे जखमी झाले, पण पोलिसांनी त्याची नुसती एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, लिहून घेतली. आता हायकोर्टात अपील केलं तर निकाल कसा लागतो आणि सेशन जजचं चुकलं हे दाखवावं लागतं का, असा प्रश्न आहे.

मी गेली तेवीस वर्षं फौजदारी वकिली करते, आधी तालुका-जिल्ह्याच्या कोर्टात आणि नंतर खंडपीठात. शेताच्या बांधावरून, पाटाच्या पाण्यावरून, रस्ता अडवण्यावरून झालेल्या मारामाऱ्यांचे जामीन अर्ज हा माझ्या कामाचा मोठा भाग राहिला आहे. तुमची कागदपत्रं मी पाहिलेली नाहीत. त्यामुळे 'होईल' किंवा 'नाही होणार' असं सांगणार नाही. कोर्ट कोणत्या वाटेने विचार करतं, ते मात्र सांगता येईल.

आधी 'अपील' या शब्दाचा उलगडा करते, कारण तुमच्या मनातली अर्धी भीती त्या शब्दातून आलेली दिसते. सेशनने जामीन नाकारल्यावर आपण हायकोर्टात जातो तेव्हा ते अपील नसतं. तो नवा जामीन अर्ज असतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८३ प्रमाणे जामीन देण्याचा अधिकार सेशन कोर्टाला आहे तसाच हायकोर्टालाही आहे. पूर्वीच्या कायद्यातलं ४३९ ते हेच. म्हणून सेशन जजचा आदेश चुकीचा होता हे सिद्ध करण्याचा बोजा तुमच्यावर नाही. हायकोर्टाचे न्यायमूर्ती तीच कागदपत्रं स्वतः वाचून स्वतःचं मत बनवतात. अर्थात सेशनचा आदेश अर्जाला जोडलेला असतो आणि तो वाचला जातो. त्यात जी कारणं दिली आहेत, त्यांना उत्तर तयार पाहिजे. 'तपास चालू आहे, हत्यार जप्त व्हायचं आहे' असं कारण तिथे लिहिलेलं असेल आणि मधल्या काळात हत्यार जप्त झालं असेल, तर ते कारण उरलं नाही एवढं दाखवलं की झालं. सेशन जज चुकले असं म्हणायची गरजही पडत नाही.

खरोखरचं अपील लागतं ते काही खास कायद्यांत. आपल्याकडे नेहमी दिसणारा त्यातला एक म्हणजे अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंध कायदा. मारामारीच्या गुन्ह्यात ॲट्रॉसिटीचं कलम असेल तर विशेष न्यायालयाच्या जामीन आदेशावर कलम १४-अ खाली अपीलच करावं लागतं. ते ९० दिवसांत करायचं असतं आणि पीडिताला नोटीस देऊन त्याचं म्हणणं ऐकावं लागतं. तुमचं भांडण भावकीतलं, त्यामुळे हा प्रश्न इथे नाही. पण असाच प्रश्न घेऊन हे वाचणाऱ्यांपैकी कुणाच्या गुन्ह्यात ते कलम असेल, तर मुदतीकडे लक्ष ठेवा.

आता मुख्य गोष्ट. तुमच्या सगळ्या लिहिण्यात 'भावाने मारलंच नाही, आधी त्यांनीच मारलं' हे चार वेळा आलं आहे. मला ते कळतं. घरातला पोरगा आत असतो तेव्हा दुसरं काही सुचत नाही. पण जामिनाच्या वेळी कोर्ट 'कोणी मारलं' याचा निकाल देत नाही, तो खटल्यात लागतो. जामिनाच्या वेळी प्रश्न एवढाच असतो की खटला संपेपर्यंत या माणसाला आत ठेवण्याची गरज आहे का. सर्वोच्च न्यायालयाने १९७७ साली बालचंद प्रकरणात जामीन हा नियम आणि तुरुंग हा अपवाद अशी दिशा दिली आणि तेव्हापासून ती सांगितली जाते. पण नियम सांगितला म्हणजे जामीन मिळाला असं होत नाही. २०१० च्या प्रशांत कुमार सरकार प्रकरणात काय काय तोलायचं ते सर्वोच्च न्यायालयाने एकत्र सांगितलं आहे: सकृतदर्शनी गुन्हा दिसतो का, आरोप किती गंभीर, शिक्षा किती, आरोपी पळून जाईल का, त्याची वागणूक आणि समाजातलं स्थान काय, तो पुन्हा गुन्हा करेल का, साक्षीदारांवर दबाव आणेल का. यादी सगळ्या वकिलांना पाठ असते. मारामारीच्या गुन्ह्यात तिचं वजन कुठे पडतं, ते मी माझ्या अनुभवातून सांगते.

पहिला कागद जखमेच्या दाखल्याचा. फिर्याद नंतर. माझ्या डोळ्यांदेखत कितीतरी न्यायमूर्तींनी फाइल उघडून आधी 'इंजुरी सर्टिफिकेट कुठल्या पानावर आहे?' असं विचारलं आहे. कारण फिर्याद माणसाने रागात, दुःखात आणि बऱ्याचदा चार जणांशी बोलून लिहिलेली असते. दाखला ज्या डॉक्टरने लिहिला त्याचा या बांधाशी संबंध नसतो. त्या दाखल्यात बघायचं ते असं: जखमा किती, शरीराच्या कुठल्या भागावर, साधी की गंभीर, धारदार हत्याराची की कठीण-बोथट वस्तूची, आणि किती वेळापूर्वीची. भावाविरुद्धच्या फिर्यादीत 'कुऱ्हाडीने डोक्यात वार केला' असं असेल आणि दाखल्यात डोक्याची जखम कठीण-बोथट वस्तूने झाल्याचं असेल, तर हा फरक पहिल्याच परिच्छेदात मांडावा लागतो. मात्र इथे एक सावधगिरी. फिर्यादीत 'कुऱ्हाडीच्या तुंब्याने', म्हणजे पात्यामागच्या बोथट बाजूने, असं असेल तर बोथट जखम फिर्यादीला उलट दुजोराच देते. मराठवाड्यातल्या फिर्यादींत हा 'तुंबा' फार वेळा येतो आणि घाईत वाचणाऱ्या वकिलाच्या नजरेतून सुटतो. मग भर सुनावणीत सरकारी वकील तो शब्द वाचून दाखवतात आणि आपला मुद्दा जागीच संपतो. म्हणून फिर्याद शब्द न् शब्द वाचा.

जखमेवरून कलम कसं ठरतं, हेही समजून घ्या. हाड मोडलं की ती कायद्याने गंभीर दुखापत. पण तेच हाड हाताने किंवा धक्क्याने पडून मोडलं तर कलम ११७(२) लागतं आणि ते जामीनपात्र आहे. जीवघेणं ठरू शकेल अशा हत्याराने मोडलं तर ११८(२) लागतं, शिक्षा जन्मठेपेपर्यंत जाते आणि गुन्हा अजामीनपात्र होतो. म्हणजे हात मोडला हे एकच, पण हत्यार काय यावर सगळं फिरतं. काठी हे असं हत्यार आहे का, यावर कोर्टात रोज वाद होतात. जाडी, लांबी, लोखंडी कडी बसवलेली होती का, मारलं कुठे, यावर ते ठरतं. जप्ती पंचनाम्यात काठीचं माप लिहिलेलं असतं. ते वाचा.

कलम १०९ बद्दल लोकांचा एक समज असतो: जखम जीवघेणी नाही, म्हणजे खुनाचा प्रयत्न नाही. हे बरोबर नाही. १९८३ साली महाराष्ट्र शासन विरुद्ध बलराम बामा पाटील या आपल्याच राज्यातल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की जखम मृत्यू घडवण्याइतकी असलीच पाहिजे असं नाही, महत्त्वाचा आहे तो हेतू. त्यामुळे 'आठच टाके आहेत' एवढ्यावर विसंबून चालणार नाही. पण हेतू कोणाच्या कपाळावर लिहिलेला नसतो. कोर्ट तो शोधतं हत्यारावरून, वार कुठे केला यावरून, एकच वार की परत परत, पडलेल्या माणसावर पुन्हा हल्ला केला का, कोणी अडवलं म्हणून थांबले की स्वतःहून थांबले, आधी धमकी होती का, हत्यार घरून आणलं की शेतात हाताला लागलं ते उचललं. बांधावरच्या भांडणात हा शेवटचा मुद्दा फार कामाला येतो. दुपारी दोन्ही घरची माणसं रानात कामाला होती, बाचाबाची झाली, खोऱ्या-कुऱ्हाडी तिथेच होत्या, असं चित्र फिर्यादीतूनच दिसत असेल, तर ठरवून केलेला हल्ला आणि भडकून झालेली मारामारी यांतला फरक न्यायमूर्तींना सांगता येतो. रात्री घरी जाऊन बाहेर ओढून मारलं असं असेल, तर हा मुद्दा उच्चारूही नये.

दाखल्याबरोबर डिस्चार्ज कार्ड मिळवा. जखमी अजून अतिदक्षता विभागात असेल तर अर्ज घेऊन जाऊच नका. मी तरी जात नाही. जखमीच्या जिवाचं काय होतंय हे कळेपर्यंत कुठलंच कोर्ट जामीन द्यायला सहसा तयार होत नाही, आणि त्यात काही गैर आहे असं मला वाटत नाही. तुमच्या प्रकरणात आठ टाके आणि हाताचं प्लास्टर आहे, म्हणजे तो बहुधा घरी गेला असेल. 'जखमी अमुक तारखेला बरा होऊन घरी गेला' हे एक वाक्य अर्जात असलं की पुढचं ऐकून घ्यायला न्यायमूर्तींचं मन मोकळं होतं.

दुसरा मुद्दा भूमिकेचा. आम्ही कोर्टात त्याला 'रोल' म्हणतो. पाच जण असल्यामुळे बेकायदा जमावाचं कलम लागलं आहे, आणि त्याप्रमाणे जमावातल्या एकाने केलेल्या कृत्याला सगळे जबाबदार धरता येतात. हे खटल्यात खरं. जामिनाच्या वेळी मात्र या माणसाच्या हातात काय होतं आणि त्याने काय केलं, हे वेगळं बघितलं जातं. 'सर्वांनी मिळून लाथाबुक्क्यांनी मारहाण केली' हा मोघम आरोप आणि 'अमुकने डोक्यात कुऱ्हाड घातली' हा नेमका आरोप, यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. बाकी दोघांना जामीन मिळाला म्हणून भावालाही मिळावा, असं तुम्हाला वाटतं. त्याला पॅरिटी म्हणतात आणि तो चांगला मुद्दा आहे, पण भूमिका सारखी असेल तरच. २०२१ साली रमेश भवन राठोड प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच बजावलं. गुजरातमधलं जमिनीच्या वादातून झालेल्या हल्ल्याचं ते प्रकरण, त्यात पाच माणसं मारली गेली होती. हायकोर्टाने एकाला जामीन दिला आणि मग समानतेच्या नावाखाली बाकीच्यांनाही दिला. सर्वोच्च न्यायालयाने ते आदेश रद्द केले आणि सांगितलं की फक्त हत्यार सारखं होतं म्हणून समानता येत नाही, प्रत्येकाची घटनेतली भूमिका बघावी लागते.

म्हणून त्या दोघांचे जामीन आदेश मागवा आणि त्यांना जामीन का दिला ते वाचा. हत्यार नव्हतं म्हणून दिला असेल आणि तुमच्या भावाच्या नावावर कुऱ्हाड असेल, तर तो आदेश तुमच्या बाजूने नाही. तो तुमच्या विरुद्ध वाचला जाईल. अशा वेळी मी पॅरिटीचा मुद्दा अर्जातच घेत नाही.

आता तुमच्या बाजूच्या जखमींबद्दल. इथे मला थोडं थांबून बोलायचं आहे, कारण अशा प्रकरणांत घरच्यांकडून सगळ्यात मोठा वेळ इथेच वाया जातो. दोन्ही बाजूंना मार लागला असेल तर घटना एकतर्फी हल्ल्याची नव्हती, झटापटीची होती, असं म्हणायला जागा मिळते. मूळ आक्रमक कोण हा प्रश्न मग खटल्यात ठरवण्याचा होतो, आणि जामिनाच्या पारड्यात ते वजन पडतं. पण त्यासाठी कागद लागतो. 'आमच्याही माणसांना मारलं' हे तोंडी सांगून काही होत नाही. त्या दोघांना त्या दिवशी दवाखान्यात नेलं होतं का? सरकारी दवाखान्यात एमएलसी, म्हणजे पोलिसी प्रकरण म्हणून जखमांची वैद्यकीय नोंद, झाली का? एनसीची प्रत आहे का आणि तिच्यावर वेळ काय आहे? फिर्यादीच्या आधीची की नंतरची? नंतरची असेल तर बचावासाठी रचली असं सरकार पक्ष म्हणेल. आणि भावाच्या स्वतःच्या अंगावर जखमा होत्या का? अटकेनंतर आरोपीची वैद्यकीय तपासणी होते, तिचा कागद पोलिसांच्या फाइलमध्ये असतो. तो मागा. तुमच्या जखमींच्या जखमा गंभीर असूनही एनसीवर भागवलं असेल, तर पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज करून मग मॅजिस्ट्रेटकडे जाण्याचा रस्ता आहे. मात्र तो रस्ता लांबचा आहे, जामीन त्याच्यासाठी अडवून ठेवू नका.

पूर्वीचे गुन्हे असतील तर लपवू नका. तुम्ही त्याबद्दल काहीच लिहिलेलं नाही, म्हणून मुद्दाम सांगते. अर्ज लागला की तपासी अंमलदार आणि सरकारी वकील 'से' दाखल करतात, म्हणजे त्यांचं लेखी म्हणणं. त्यात आरोपीची सगळी कुंडली असते. २०१२ च्या मौलाना रशादी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की केवळ जुने गुन्हे आहेत म्हणून जामीन नाकारता येत नाही. म्हणजे जुना गुन्हा असणं हे जिवावरचं नाही, पण लपवलेला सापडणं फार महागात पडतं. 'से'मध्ये कधीकधी चॅप्टर केसही गुन्ह्यासारखी लिहिलेली असते. गावात सण-निवडणुकीच्या आधी शांतता राखण्यासाठी बंधपत्र घेतात ती ही केस. तो गुन्हा नव्हे, शिक्षा तर नव्हेच. हे वकिलांनी स्पष्ट सांगावं. तसंच यापूर्वी कुठे कुठे जामीन अर्ज केला आणि काय झालं, हे सगळं अर्जात लिहावंच लागतं. २०२४ च्या कुशा दुरुका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्याबद्दल कडक सूचना दिल्या आहेत.

आता वेळेचा प्रश्न, जो तुमच्यासाठी आजचा प्रश्न आहे. ४८ दिवस झाले, चार्जशीट नाही. इथे दोन रस्ते फुटतात. तुमच्या कलमांत जन्मठेपेची शिक्षा असल्यामुळे पोलिसांना चार्जशीटसाठी ९० दिवस मिळतात. पहिला रिमांड झाला, म्हणजे कोर्टाने पहिल्यांदा कोठडी दिली, तो दिवस धरून मोजा. त्या मुदतीत चार्जशीट आलं नाही, तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८७(३) प्रमाणे जामीन हा हक्क होतो. गुन्हा किती गंभीर, जखम कुठे, काहीही बघितलं जात नाही. पण हा हक्क आपोआप चालत येत नाही. अर्ज द्यावा लागतो आणि जामीनदार द्यायची तयारी दाखवावी लागते. हे उदय मोहनलाल आचार्य विरुद्ध महाराष्ट्र शासन या २००१ च्या निकालात स्पष्ट झालं. आपण एक दिवस झोपलो आणि पोलिसांनी दुसऱ्या दिवशी चार्जशीट टाकलं, तर हक्क गेला. मुदत संपण्याच्या आधीच्या संध्याकाळी अर्ज टाइप होऊन तयार असला पाहिजे.

दुसरा रस्ता म्हणजे आत्ताच हायकोर्ट. पहिल्या पंधरवड्यात कोर्ट जामीन देताना कचरतं, कारण जप्ती, जबाब, पंचनामे चालू असतात. ४८ दिवसांनंतर ते बहुतेक झालेलं असतं. हत्यार जप्त, कपडे जप्त, नमुने रासायनिक तपासणीला गेलेले. मग 'अजून आत ठेवून तपासाला काय मिळणार?' हा प्रश्न उभा करता येतो. तरीही मी बऱ्याचदा चार्जशीट येऊ देते. चार्जशीटमध्ये सगळे जबाब मिळतात आणि प्रत्यक्षदर्शींच्या जबाबात भावाचं नाव कुठल्या कृत्याशी जोडलं आहे हे कळतं. अंधारात वाद घालण्यापेक्षा ते बरं. पण ज्या प्रकरणात जखमेचा दाखलाच आपल्या बाजूने बोलतो, तिथे थांबण्यात अर्थ नाही. तुमच्या प्रकरणात कोणता रस्ता, हे तो दाखला पाहिल्याशिवाय सांगणं चुकीचं होईल.

अटकेचे कागदही याच वेळी बघून घ्या. मिहिर राजेश शाह विरुद्ध महाराष्ट्र शासन या ६ नोव्हेंबर २०२५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अटकेची कारणं आरोपीला कळणाऱ्या भाषेत लेखी दिली पाहिजेत, कुठल्याही गुन्ह्यात. अटकेच्या वेळी शक्य नसेल तर रिमांडसाठी हजर करण्याच्या किमान दोन तास आधी. भावाची अटक त्यानंतरची असेल आणि असा कागद दिलेलाच नसेल, तर तो स्वतंत्र मुद्दा आहे. ठरावीक छापील नमुन्यात नाव भरून दिलेला कागद असेल, तर त्यावर वाद होऊ शकतो.

एक सर्वात नाजूक गोष्ट. तुम्ही शेवटी लिहिलं आहे की गावातले लोक म्हणतात, जखमीच्या घरी जाऊन मिटवून घ्या. ताई, कृपा करून कुणीही जाऊ नका. माझ्याकडे काही वर्षांपूर्वी एक प्रकरण होतं, जामिनासाठी अतिशय चांगलं. सुनावणीच्या चार दिवस आधी आरोपीचे वडील आणि दोन प्रतिष्ठित माणसं जखमीच्या घरी गेली, हात जोडायला. मनात खोट नव्हती, हे मला माहीत आहे. पण त्या घरातल्या बाईंना ओसरीत उभी तीन माणसं बघून काय वाटलं असेल, हेही मला कळतं. दुसऱ्या दिवशी धमकीची तक्रार झाली. सुनावणीत सरकारी वकिलांनी ती दाखवली आणि अर्ज फेटाळला गेला. पुढचे सात महिने मुलगा आत होता. मारामारीच्या प्रकरणात साक्षीदार आणि आरोपी एकाच गल्लीत राहतात, एकाच विहिरीचं पाणी घेतात. साक्षीदारांवर दबाव येईल ही कोर्टाची भीती खरी असते, आणि ती दूर करणं हे घरच्यांच्या हातात असतं.

ती दूर करण्याचा माझा नेहमीचा मार्ग म्हणजे आपणहून अट सुचवणं. भाऊ जामिनावर सुटल्यावर जखमी आणि प्रत्यक्षदर्शी यांच्या साक्षी होईपर्यंत गावात येणार नाही, मामाच्या गावी किंवा दुसऱ्या तालुक्यात राहील, तिथल्या पोलीस ठाण्यात ठरलेल्या दिवशी हजेरी लावेल. राहण्याचा पत्ता आणि ज्यांच्याकडे राहणार त्यांचं प्रतिज्ञापत्र अर्जाला जोडायचं. शेतीच्या हंगामात हे जड जातं, मला माहीत आहे. तरी मी घरच्यांना आधीच विचारते, कारण सुनावणीत न्यायमूर्ती 'गावाबाहेर राहाल का?' असं विचारतात तेव्हा वकिलाला घरी फोन करायला वेळ नसतो.

तडजोड खरोखरच होत असेल तर ती दोन्ही बाजूंच्या वकिलांमार्फत व्हावी, आणि जखमीने स्वतःच्या वकिलासह येऊन आपल्या इच्छेने ना-हरकत द्यावी. पण १०९ आणि ११८(२) ही आपसांत मिटवता येणारी कलमं नाहीत. ना-हरकतीने जामीन सोपा होऊ शकतो, गुन्हा संपत नाही. २०१९ च्या लक्ष्मी नारायण प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की अशा गंभीर गुन्ह्यात तडजोडीवरून खटला रद्द करताना हायकोर्टाने हत्यार, जखमेची जागा, जखमेचं स्वरूप हे सगळं पाहायचं. म्हणजे फिरून तोच जखमेचा दाखला.

सुनावणीच्या दिवशी काय होतं, तेही सांगून ठेवते. जामिनाचे अर्ज एका दिवसाच्या बोर्डावर डझनांनी असतात. तुमच्या प्रकरणाला दहा-पंधरा मिनिटं मिळाली तरी पुष्कळ. बरेचदा तेवढ्यात न्यायमूर्तींचा कल कळतो. कल विरुद्ध दिसला तर वकील अर्ज मागे घेतात आणि चार्जशीटनंतर किंवा खटला ठरावीक काळात पुढे सरकला नाही तर पुन्हा येण्याची मुभा मागून घेतात. घरच्यांना वाटतं, वकिलाने न लढताच हार मानली. तसं नसतं. विरोधात कारणांसह आदेश झाला की पुढच्या प्रत्येक कोर्टात तो आपल्यापुढे ठेवला जातो. मागे घेतलेला अर्ज तसा आड येत नाही. माझ्या अशा कितीतरी पक्षकारांना चार-सहा महिन्यांनी त्याच न्यायालयातून जामीन मिळाला आहे, कारण मधल्या काळात एकही साक्षीदार तपासला गेला नव्हता.

जामीन मिळाला तर समोरची बाजू त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात जाऊ शकते. तिथे मात्र आधीचा आदेश बरोबर की चूक हे तपासलं जातं: महत्त्वाचं काही वगळलं का, कारणं दिली का. २०१९ च्या महिपाल प्रकरणात हा फरक चांगला समजावला आहे. जामीन चुकीचा दिला म्हणून रद्द करणं वेगळं, आणि दिल्यानंतर आरोपी नीट वागला नाही म्हणून काढून घेणं वेगळं. २०२२ साली लखीमपूर खेरी प्रकरणात आशिष मिश्राचा जामीन रद्द झाला, त्यात पीडितांना नीट ऐकलं नाही हे एक मोठं कारण होतं. म्हणून जखमीच्या वकिलाला बोलू दिलं तर रागावू नका. त्याला ऐकून दिलेला जामीन पुढे टिकतो.

आदेश झाल्यावरही माणूस लगेच घरी येत नाही. जामीनदार, सात-बारा, ऐपतीचा दाखला, तहसीलच्या फेऱ्या यात आठवडा जाऊ शकतो. आदेशातच तात्पुरती रोख रक्कम भरून सुटका आणि नंतर जामीनदार, अशी सोय मागून घ्या. १९७८ साली मोतीराम नावाच्या गवंड्याला दहा हजारांचा जामीनदार मागितला होता आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून त्याला नाकारलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने ते मोडीत काढलं. परजिल्ह्यातला जामीनदार चालत नाही असं कुणी सांगितलं तर हा निकाल दाखवा. आणि पैशाची अडचण असेल तर हेही लक्षात ठेवा: कोठडीत असलेल्या कोणालाही, उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, हायकोर्टातही.

सध्या एवढं करा. सेशनच्या आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल, फिर्याद, पहिल्या रिमांडचा अर्ज आणि त्या दोघांचे जामीन आदेश काढून घ्या. जखमेचा दाखला सेशनच्या 'से'ला जोडलेला असण्याची शक्यता आहे, तिथून मिळेल. मग मला तीन गोष्टी कळवा, कुणाचं नाव न लिहिता: डोक्याच्या जखमेपुढे धारदार लिहिलंय की बोथट, फिर्यादीत भावाच्या हातात नेमकं काय होतं, आणि पहिल्या रिमांडची तारीख. त्यावरून आत्ता जायचं की ९० दिवसांची वाट बघायची, ते सांगता येईल.